मेल्बा लिस्टन : हातात ट्रॉम्बोन, कागदावर सूर

जुन्या हिंदी चित्रपटगीताची तबकडी हाती घेतली, तर तिच्यावर चित्रपटाचे, गायकाचे आणि संगीतकाराचे नाव दिसते. चाल कोणी बांधली आणि ती कोणी गायली, एवढे त्यावरून कळते. पण मुखड्याआधी व्हायोलिनचा ताफा काय वाजवील, दोन अंतऱ्यांच्या मध्ये सॅक्सोफोन कोठे येईल, बासरी कोठे थांबेल, हे सारे कागदावर लिहून देणारा आणखी एक माणूस असतो. मुंबईच्या चित्रपटसृष्टीत त्याला अरेंजर म्हणतात. शंकर-जयकिशन यांची गाणी ऐकत आपल्या वडीलधाऱ्यांची पिढी लहानाची मोठी झाली. त्या गाण्यांमागे गोव्याच्या सेबॅस्टियन डिसोझा यांची लेखणी होती, हे मात्र त्यांच्यातल्या थोड्यांनाच ठाऊक असेल.

अमेरिकेच्या जाझ संगीतातही अरेंजरचे काम असेच पडद्यामागचे असते. या लेखात ज्यांची ओळख करून घ्यायची आहे, त्या मेल्बा लिस्टन (१९२६ ते १९९९) हे काम जवळजवळ पन्नास वर्षे करीत होत्या. त्या उत्तम ट्रॉम्बोनवादकही होत्या. ज्या काळात जाझच्या मोठ्या बँडमध्ये स्त्री दिसली तर ती गायिकाच असणार असे सगळे धरून चालत, त्या काळात मेल्बाबाई पुरुषांच्या रांगेत बसून पितळी वाद्य वाजवीत. त्यांचे संगीत लाखो लोकांनी ऐकले, पण नाव फार थोड्यांना माहीत झाले. असे का झाले, आणि तरीही त्यांनी हे काम का सोडले नाही, हे समजून घेण्यासारखे आहे.

ट्रॉम्बोन कसा वाजतो

आधी वाद्याची ओळख करून घेऊ. ट्रॉम्बोन हे पितळी वाद्य आहे. लष्करी आणि पोलीस बँडमध्ये पुढेमागे सरकणारी लांब नळी असलेले जे वाद्य दिसते, ते हेच. त्याची सगळी नळी सरळ केली तर सुमारे नऊ फूट लांब होईल. वादक एका टोकाला ओठ लावून फुंकतो. एका हाताने तो वाद्य धरतो आणि दुसऱ्या हाताने स्लाइड, म्हणजे सरकणारी नळी, पुढे ढकलतो किंवा मागे ओढतो. नळी लांबली की सूर खाली जातो, आखूड झाली की वर येतो.

स्लाइडच्या सात जागा मानल्या आहेत. एका जागेवरून पुढच्या जागेवर गेले की सूर अर्ध्या स्वराने उतरतो. मात्र या जागा नळीवर खुणा करून दाखवलेल्या नसतात. हार्मोनियमवर पट्टी दाबली की ठरलेला सूर निघतो, ट्रॉम्बोनवर तसे होत नाही. सारंगीवाल्याप्रमाणे कानाने सूर शोधावा लागतो आणि हाताला त्याची सवय लावावी लागते. सारंगीप्रमाणेच या वाद्यावर मींड फार सुंदर येते, कारण नळी न थांबता सरकवत नेली की सूरही न तुटता सरकत जातो. पण याच कारणामुळे जलद आणि स्वच्छ वाजवणे अवघड होते. बोटाने कळ दाबायला क्षणही लागत नाही, इथे तर अख्खा हात हलवावा लागतो. सातवी जागा गाठताना मोठ्या माणसालाही हात पुरता लांबवावा लागतो. सात वर्षांच्या मुलीचा हात तिथवर कसा पोचणार?

कॅन्सस सिटी ते लॉस एंजेलिस

मेल्बाने ट्रॉम्बोन हाती घेतला तो सातव्या वर्षीच. तिचा जन्म १३ जानेवारी १९२६ रोजी मिसुरी राज्यातील कॅन्सस सिटी येथे एका कृष्णवर्णीय कुटुंबात झाला. त्या काळी हे शहर जाझसाठी प्रसिद्ध होते, काउंट बेसी यांचा बँड तिथूनच पुढे आला. शाळेत संगीत शिकवले जाणार होते आणि मुलांनी आपापले वाद्य निवडायचे होते. मेल्बाला ट्रॉम्बोन दिसायलाच इतका आवडला की तिने दुसऱ्या वाद्याचा विचारही केला नाही. आईने तो घेऊन दिला. ते दिवस मोठ्या आर्थिक मंदीचे होते, हे ध्यानात घेतले म्हणजे त्या खरेदीचे मोल कळते. आजोबा गिटार वाजवीत. त्यांच्याबरोबर बसून ती भजनांच्या आणि लोकगीतांच्या चाली कानाने शोधून वाजवू लागली. वर्षभरात तिची तयारी एवढी झाली की आठव्या वर्षी तिने गावच्या रेडिओ केंद्रावर एकटीने वादन केले.

१९३७ मध्ये हे कुटुंब लॉस एंजेलिसला आले. तेथे अल्मा हायटॉवर नावाच्या शिक्षिका वस्तीतल्या मुलांचा बँड चालवीत. मेल्बा काही वर्षे त्यांच्याकडे शिकली. पुढे जाझमधील थोर सॅक्सोफोनवादक म्हणून नाव मिळवलेले डेक्स्टर गॉर्डन हे तिचे तरुणपणचे मित्र. १९४२ मध्ये, सोळाव्या वर्षी, ती वादकांच्या युनियनची सभासद झाली आणि लिंकन थिएटरच्या वाद्यवृंदात नोकरी करू लागली. थिएटरात कार्यक्रम सतत बदलत, गायक आणि नर्तक नवे येत, आणि प्रत्येकासाठी नवे कागद लिहावे लागत. अरेंजरच्या कामाचे पहिले धडे तिने तिथेच गिरवले.

त्यानंतर ट्रम्पेटवादक जेराल्ड विल्सन यांनी तिला आपल्या बँडमध्ये घेतले. ते स्वतः कसलेले अरेंजर होते. १९४७ मध्ये डेक्स्टर गॉर्डन यांनी तिला बरोबर घेऊन तबकडी काढली आणि त्यातल्या एका रचनेला तिच्यावरून 'मिस्चिव्हस लेडी', म्हणजे खट्याळ बाई, असे नाव दिले. त्या वेळी मेल्बा एकवीस वर्षांची होती.

पदरी पडलेली निराशा

१९४० च्या दशकाच्या अखेरीस विल्सन यांचा बँड मोडला आणि मेल्बाबाईंना डिझी गिलेस्पी यांच्या मोठ्या बँडमध्ये जागा मिळाली. गिलेस्पी हे बीबॉप नावाच्या नव्या जाझचे एक प्रवर्तक. पुढे जगप्रसिद्ध झालेले जॉन कोल्ट्रेन त्या वेळी याच बँडमध्ये होते.

१९४९ मध्ये विख्यात गायिका बिली हॉलिडे यांच्याबरोबर अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांचा दौरा निघाला. हा दौरा फसला. तिकडच्या श्रोत्यांना नाचायला सोपे संगीत हवे होते, हे नव्या वळणाचे जाझ त्यांना रुचेना. गर्दी जमली नाही आणि पैसे संपले. दक्षिणेत तेव्हा वर्णभेदाचे कायदे होते. काळ्या माणसाने कोठे जेवावे आणि कोठे झोपावे, हेही ठरलेले असे. पुरुषांच्या बँडमधून एकटीने फिरणाऱ्या स्त्रीला याहून जास्त सोसावे लागे. प्रवासात आपल्यावर अत्याचारही झाले, असे मेल्बाबाईंनी उतारवयात स्वतः सांगितले आहे.

त्या घरी परतल्या आणि त्यांनी वादन सोडले. लॉस एंजेलिसच्या शिक्षण मंडळाच्या कचेरीत त्या काही वर्षे कारकुनी करीत होत्या. मिळकतीला जोड म्हणून त्यांनी चित्रपटांत छोटी कामेही केली. त्यांतला एक चित्रपट आपल्याकडच्या बहुतेक घरांना ठाऊक आहे. मोशेच्या जीवनावरचा आणि मिसरातून झालेल्या सुटकेवरचा सिसिल बी. डमिल यांचा 'द टेन कमांडमेंट्स' हा तो चित्रपट, १९५६ सालचा. पेसाखच्या दिवसांत तो पुन्हा पाहिलेल्या कित्येकांनी मेल्बाबाईंना पडद्यावर पाहिले असेल, पण त्या कोण हे कोणालाच कळले नसेल.

१९५६ चा दौरा

त्याच वर्षी गिलेस्पी यांचे बोलावणे आले. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने जाझचा एक बँड परदेशी पाठवायचे ठरवले होते. न्यूयॉर्कचे काँग्रेस सदस्य ॲडम क्लेटन पॉवेल यांनी ही कल्पना उचलून धरली होती. ते शीतयुद्धाचे दिवस होते. अमेरिकेत काळ्या लोकांना कसे वागवले जाते, याची चर्चा जगभर चालली होती. अलाबामातील मॉन्टगोमेरी शहरात बसमधील भेदभावाविरुद्ध बहिष्कार सुरू होता. अशा वेळी गोरे आणि काळे वादक एकत्र असलेला बँड सरकारला जगापुढे दाखवायचा होता.

बँड जमवण्याचे काम तरुण क्विन्सी जोन्स यांच्याकडे होते. ट्रॉम्बोनसाठी आणि अरेंजर म्हणून गिलेस्पी यांना मेल्बाबाईच हव्या होत्या. बँडमधल्या काही पुरुषांना ते आवडले नाही. कॅलिफोर्नियाहून मुद्दाम एक बाई कशाला बोलावली, अशी कुजबूज सुरू झाली. पुढची हकीकत मेल्बाबाईंनीच सांगून ठेवली आहे. गिलेस्पी यांनी कोणाशी वाद घातला नाही. त्यांनी मेल्बाबाईंना सांगितले की, तुम्ही लिहून आणलेले कागद वाटा. कागद वाटले गेले आणि बँड वाजवू लागला. पण संगीत इतके अवघड होते की वादक अडखळले. पुन्हा सुरुवात करावी लागली. तालीम संपेपर्यंत कुजबूज थांबली होती.

दौरा मार्च १९५६ मध्ये इराणमधील आबादान येथून सुरू झाला. पुढे कराची, ढाका, बैरूत, दमास्कस, अंकारा, इस्तंबूल, युगोस्लाव्हिया आणि अथेन्स असा प्रवास झाला. त्याच वर्षी बँड दक्षिण अमेरिकेतही जाऊन आला. मेल्बाबाईंनी बसवलेल्या दोन रचना या दौऱ्यांत वाजवल्या जात. 'माय रेव्हरी' ही फ्रेंच संगीतकार देब्यूसी यांच्या सुरावटीवर आधारलेली होती आणि 'ॲनीज डान्स' ही नॉर्वेच्या ग्रिग यांच्या नृत्यसंगीतावर. 'माय रेव्हरी'मध्ये मुख्य वादनही त्यांचेच आहे. तबकडीवर ते आजही ऐकता येते. घाईचा सूर एकही नाही, वरच्या पट्टीत जाण्याचा हव्यास नाही. माणूस हळू बोलत असावा तसा ट्रॉम्बोन बोलतो, आणि बाकीचा बँड खालून त्याला आधार देतो.

अरेंजर नेमके काय करतो

मोठ्या जाझ बँडमध्ये सोळा-सतरा वादक असतात. ट्रम्पेट, ट्रॉम्बोन आणि सॅक्सोफोन यांच्या तीन फळ्या, आणि ताल सांभाळणारे पियानो, बास आणि ड्रम. सगळ्यांनी एकच सूर वाजवला तर आवाज मोठा होईल, पण त्यात रंग येणार नाही. चार ट्रॉम्बोन असतील तर अरेंजर चौघांना चार वेगळे सूर देतो, आणि ते एकत्र वाजले की पाचवाच काही रंग निघतो. खालचा सूर कोणाकडे द्यायचा, मुख्य चाल एकदा सॅक्सोफोनला देऊन दुसऱ्या वेळी ट्रम्पेटला द्यायची का, एकट्या वादकाने मनाने वाजवायची जागा कोठे सोडायची, हे त्यानेच ठरवायचे. ही शेवटची गोष्ट फार महत्त्वाची आहे. जाझमध्ये वादक ऐन वेळी सुचेल ते वाजवतो. अरेंजरने सगळेच लिहून ठेवले तर वादक गुदमरतो, आणि काहीच लिहिले नाही तर गोंधळ होतो. किती लिहावे आणि कोठे थांबावे हे कळण्यात अरेंजरचे कसब असते.

मेल्बाबाईंना ते कळत होते, कारण त्या स्वतः त्या रांगेत बसून वाजवीत आल्या होत्या. १९५८ मध्ये त्यांनी स्वतःच्या नावाची एक तबकडी केली, 'मेल्बा लिस्टन अँड हर बोन्स'. बोन्स म्हणजे ट्रॉम्बोन, वादकांच्या बोलण्यातले लघुरूप. अनेक ट्रॉम्बोन एकत्र घेऊन ती बसवलेली आहे. पुढे त्या क्विन्सी जोन्स यांच्या बँडबरोबर युरोपात गेल्या. डेट्रॉइटच्या मोटाउन कंपनीसाठीही त्यांनी अरेंजर म्हणून काम केले. त्या कंपनीची गाणी सगळ्या जगात वाजली. पण गाणे ऐकणाऱ्याला दिसे ते गायकाचे नाव.

स्वातंत्र्याचे संगीत

ज्या कामासाठी मेल्बाबाईंचे नाव आज सर्वांत आदराने घेतले जाते, ते त्यांनी पियानोवादक रँडी वेस्टन यांच्याबरोबर केले. वेस्टन ब्रुकलिनचे. आपल्या पूर्वजांचे संगीत आफ्रिकेतून आले, ही जाणीव ते कधी विसरले नाहीत. त्यांच्या मनातल्या चाली पियानोवर उमटत, आणि त्यांना मोठ्या वाद्यवृंदाचे रूप मेल्बाबाई देत. १९५८ च्या सुमारास सुरू झालेली ही जोडी मेल्बाबाईंच्या अखेरच्या वर्षांपर्यंत टिकली.

१९६० हे वर्ष आफ्रिकेच्या इतिहासात मोठे आहे. त्या एका वर्षात सतरा आफ्रिकी देश स्वतंत्र झाले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये न्यूयॉर्कला वेस्टन आणि मेल्बाबाईंनी 'उहुरू आफ्रिका' ही चार भागांची रचना ध्वनिमुद्रित केली. उहुरू हा स्वाहिली भाषेतला शब्द आहे, त्याचा अर्थ स्वातंत्र्य. कवी लँग्स्टन ह्यूझ यांनी तिच्यासाठी शब्द लिहिले आणि त्यांचा स्वाहिलीत अनुवादही करून घेतला गेला. जाझचा बँड, आफ्रिकी आणि क्यूबन तालवाद्ये, एक गायक आणि एक गायिका अशा मोठ्या ताफ्यासाठी सगळे कागद मेल्बाबाईंनी तयार केले. दक्षिण आफ्रिकेच्या वर्णभेदी सरकारने या तबकडीवर बंदी घातली. स्वातंत्र्य हा नुसता शब्दही त्या सरकारला सहन होत नव्हता.

ही तबकडी वेस्टन यांच्या नावाने निघाली. मेल्बाबाईंच्या वाट्याला नेहमीप्रमाणे वेष्टनावरची एक ओळ आली. याला वेस्टन मात्र अपवाद होते. या संगीतात मेल्बाबाईंचा वाटा किती मोठा आहे हे ते शेवटपर्यंत सांगत राहिले.

शिकवणे

अल्मा हायटॉवर यांनी वस्तीतल्या मुलांना शिकवले, म्हणून मेल्बा घडली. हे ऋण त्या विसरल्या नाहीत. हार्लेममध्ये आणि लॉस एंजेलिसच्या वॉट्स भागात त्यांनी मुलांच्या वाद्यवृंदांना शिकवले. १९७३ मध्ये त्या जमैकाला गेल्या आणि सहा वर्षे तिथे राहिल्या. जमैकाच्या संगीत विद्यालयात लोकप्रिय संगीताचा विभाग त्यांनी सांभाळला. बाहेरच्या रस्त्यावर वाजणारे संगीतही शाळेत शिकवण्याच्या योग्यतेचे आहे, हा विचार तेव्हा सगळ्यांच्या पचनी पडलेला नव्हता. 'स्माइल ऑरेंज' (१९७६) या जमैकन चित्रपटाचे संगीतही त्यांचेच.

१९७९ मध्ये कॅन्सस सिटीला स्त्रियांच्या जाझ महोत्सवाचे आमंत्रण आले आणि त्या जन्मगावी परतल्या. जिथे सातव्या वर्षी ट्रॉम्बोन हाती आला, तिथे आता जाझ वाजवणाऱ्या कितीतरी स्त्रिया जमल्या होत्या. त्यानंतर मेल्बाबाईंनी 'मेल्बा लिस्टन अँड कंपनी' हा स्वतःचा बँड काढला.

हात थांबल्यावर

१९८५ मध्ये त्यांना पक्षाघाताचा झटका आला. शरीराचा काही भाग निकामी झाला आणि ट्रॉम्बोन कायमचा सुटला. ज्या वाद्यासाठी अख्खा हात लांबवावा लागतो, ते वाजवणे आता शक्य नव्हते. वय साठीला आलेले. पुष्कळांनी इथेच पूर्णविराम दिला असता.

मेल्बाबाई संगणक शिकल्या. त्या काळी संगणकावर स्वरलिपी लिहिणे हे तरुणांनाही नवे होते. एकेक सूर त्या पडद्यावर मांडत आणि पूर्ण वाद्यवृंदाचे कागद तयार करीत. १९८७ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय कला निधीने त्यांना 'जाझ मास्टर' हा सन्मान दिला. जाझसाठी तिथे दिला जाणारा हा सर्वोच्च राष्ट्रीय सन्मान मानला जातो. १९९१ मध्ये वेस्टन यांच्या 'द स्पिरिट्स ऑफ अवर अँसेस्टर्स' या तबकडीचे संगीत त्यांनी असेच लिहिले. १९९३ मध्ये 'व्होल्केनो ब्लूज' निघाली, आणि तिच्या वेष्टनावर दोन नावे शेजारी शेजारी छापली गेली : रँडी वेस्टन आणि मेल्बा लिस्टन.

२३ एप्रिल १९९९ रोजी लॉस एंजेलिसला त्यांचे निधन झाले. त्या वेळी त्या ७३ वर्षांच्या होत्या. त्यांच्या हस्ताक्षरातले संगीताचे कागद शिकागोच्या कोलंबिया कॉलेजमधील कृष्णवर्णीय संगीताच्या संशोधन केंद्राने जतन केले. ते अभ्यासताना संशोधकांना कळू लागले की इतरांच्या नावावर गाजलेल्या किती संगीतात या बाईंचा हात आहे.

कोणत्याही समाजाचा वारसा पुष्कळदा असाच टिकतो. ज्याने गायले त्याचे नाव राहते. पण वही लिहिणारा, चाल पुढच्या पिढीला शिकवणारा आणि मुलांना जमवून बसवणारा माणूस मागे राहतो. घरात एखादे जुने कीर्तन किंवा लग्नातले गाणे अजून म्हटले जात असेल, तर ते कोणाच्या वहीतून आले आणि कोणी कोणाला शिकवले, हे मुलांनी आजी-आजोबांना विचारावे आणि त्या माणसाचे नाव लिहून ठेवावे. आणि एखाद्या संध्याकाळी सगळ्यांनी मिळून गिलेस्पी यांच्या १९५६ च्या बँडची 'माय रेव्हरी' ऐकावी. तबकडी गिलेस्पी यांच्या नावाची असली, तरी तिच्यातला ट्रॉम्बोन मेल्बा लिस्टन यांचा आहे आणि त्याच्या आजूबाजूला वाजणारा प्रत्येक सूर त्यांनीच कागदावर मांडलेला आहे.